वडिलांना हेन्लीत घेतलं असतं का?

प्रश्न : माझे वडील दाभोळच्या खाडीत तरीवर होडी वल्हवायचे. नातू पुण्याला कॉलेजात रोइंग करतो. परवा म्हणाला, "पणजोबांना इंग्लंडच्या शर्यतीत उतरूच दिलं नसतं, तिथे फक्त हौशी लागायचे." हे खरं का? – एक वाचक, गुहागर

उत्तर : नातू खरं बोलला. टेम्सकाठच्या हेन्लीत १८३९पासून शर्यती होतात. तिथला १८७९चा नियम असा : पैशांच्या पैजेवर वल्हवलेला, होडीवर मजुरी केलेला, किंवा पोटासाठी कारागिरी वा मजुरी करणारा माणूस हौशी नाही. तुमचे वडील एकदा होडीमुळे बाद, पुन्हा मजुरीमुळे बाद. हौस किती, हे कुणी विचारतच नव्हतं.

याच नियमाच्या आतल्या बाजूला इंग्लंडचा वल्हेकरी जॅक बेरेसफर्ड होता. जन्म १८९९चा, घरचा धंदा फर्निचरचा. पहिल्या महायुद्धात पायाला गोळी लागली, रग्बी सुटलं, म्हणून पाय सुधारायला वल्हं धरलं. पुढे १९२० ते १९३६ सलग पाच ऑलिंपिकमध्ये पदकं, त्यातली तीन सुवर्ण. माणूस अस्सल होता, त्यात शंका नाही.

पण १९२०चं बघा. फिलाडेल्फियाचा जॉन केली हेन्लीला यायला निघाला होता. त्याचा अर्ज नाकारला. त्याच्या क्लबशी हेन्लीचं जुनं भांडण होतं, आणि तो विटा रचणारा गवंडी. त्याच वर्षी अँटवर्पच्या ऑलिंपिकमध्ये केली आणि बेरेसफर्ड समोरासमोर आले. केली एका सेकंदानं जिंकला. दोघं इतके दमले होते, की हात मिळवायचंही त्राण उरलं नव्हतं.

आमच्या गावच्या खाडीवर पूल नव्हता तेव्हा मी तरीनं शाळेत जायचो. ओहोटीला पाणी समुद्राकडे ओढायचं, तेव्हा होडीवाले काका होडीचं तोंड वरच्या अंगाला धरत आणि तिरकं वल्हवत बरोबर समोरच्या घाटाला लावत. उभं राहून, तोंड पुढे करून. त्यांच्या तळव्याचे घट्टे लाकडासारखे टणक. विलायती शर्यतीत बसून, पाठ मुक्कामाकडे करून वल्हवतात, हे मी त्यांना सांगितलं तेव्हा ते म्हणाले, "मग उतारू कुठे उतरवणार, मागे?"

नातवाला अजून एक सांगा. १९३६ला बर्लिनमध्ये बेरेसफर्ड सदतिसाव्या वर्षी डिक साउथवुडबरोबर दोघांच्या शर्यतीत उतरला. त्यांची नवी होडी रेल्वेतून येताना वाटेत कुठल्याशा साइडिंगला अडकली, ती शोधून आणावी लागली. शर्यत दोन हजार मीटरची. जर्मन जोडी बराच वेळ पुढे होती, शेवटच्या टप्प्यात या दोघांनी तिला गाठलं आणि मागे टाकलं. या जोडीला तयार करणारा एरिक फेल्प्स. त्याच्या पोटाचा धंदाच वल्ह्याचा, म्हणजे हेन्लीत वल्हवायला तो स्वतः बाद.

कारागीर-मजुरांवरची ती अट हेन्लीनं पुढच्याच वर्षी, १९३७ला काढली. होडीवर मजुरी करणाऱ्याचं मात्र वेगळं. तुमच्या वडिलांची निम्मीच अडचण सुटली असती.