क्लारा रुम्यानोवांचं काम पाहायला कुठून सुरुवात करावी?

तुमचे प्रश्न दोन आहेत : सोव्हिएत कलाकार क्लारा रुम्यानोवा चित्रपटांतल्या अभिनेत्री की नुसता कार्टूनचा आवाज, आणि त्यांचं काम कुठून पाहायला घ्यावं.

शिक्षण आणि नोकरी दोन्ही चित्रपट-अभिनेत्रीची, पण नाव झालं आवाजावर. जन्म ८ डिसेंबर १९२९, लेनिनग्राड. १९५३ मध्ये मॉस्कोच्या 'व्गिक' या चित्रपट संस्थेतून शिकून बाहेर पडल्या आणि मॉस्कोतल्याच चित्रपट नटांच्या नाट्यगृहात पगारी अभिनेत्री म्हणून लागल्या. पडद्यावर भूमिका मिळाल्या त्या बहुतेक किरकोळ. आवाज इतका बारीक आणि उंच की मोठ्या बाईच्या भूमिकेत तो बसवणं अवघड. मात्र सोयुझमुल्तफिल्म या अ‍ॅनिमेशन स्टुडिओला लहान मुलं आणि प्राणी यांच्यासाठी असाच आवाज हवा होता.

आता एक गैरसमज. 'बारीक आवाज काढला की झालं' असं अनेकांना वाटतं. बारीक आवाज तर यंत्रही काढतं. १९६९ च्या 'विनी-द-पू' या सोव्हिएत कार्टूनमध्ये अस्वलाचा आवाज देणारे नट येव्गेनी लिओनोव यांचं ध्वनिमुद्रण सुमारे ३० टक्के जास्त वेगाने चालवलं होतं. एवढ्या वेगाने सा चढून शुद्ध ग आणि म यांच्या मध्ये जातो, आणि दहा सेकंदांचं वाक्य पावणेआठ सेकंदांत संपतं. म्हणजे नट जरा जरी घाईत बोलला तरी व्यंजनं गिळली जातात. पट्टी अशी मिळवता येते. श्वास कुठे घ्यायचा, वाक्य कुठे सोडायचं, हे मात्र नटाला स्वतःच करावं लागतं, आणि रुम्यानोवांचं मोठेपण तिथे आहे.

म्हणून सुरुवात 'शपोक्ल्याक'पासून करा (१९७४, दिग्दर्शक रोमान कचानोव, साधारण वीस मिनिटं). यात चेबुराश्का या मोठ्या कानांच्या छोट्या प्राण्याचा आवाज रुम्यानोवांचा, त्याचा मित्र मगर गेनाचा वसीली लिवानोव यांचा. तिकिटं चोरीला गेल्यामुळे दोघांना गाडीतून उतरवलंय, रुळांवरून पायपीट चाललीये, गेनाच्या हातात सामान. चेबुराश्का म्हणतो, सामान मी घेतो, तू मला घे. रुम्यानोवा हे वाक्य विनोद म्हणून टाकतच नाहीत. दमलेलं मूल मनापासून मदत देऊ करतंय, इतक्या सरळपणे ते येतं. तिथे स्वरात जरा जरी लाडीकपणा आला असता तर सगळं फसलं असतं.

मग 'मलीश आणि कार्लसन' (१९६८, दिग्दर्शक बोरीस स्तेपांत्सेव). मलीश म्हणजे धाकटा मुलगा, त्याचा आवाज रुम्यानोवांचा. त्याचा उडणारा मित्र कार्लसन पुन्हा लिवानोवच. इथला मुलगा घरात एकटा पडलेला, कुत्र्याच्या पिल्लासाठी झुरणारा. पट्टी जवळपास चेबुराश्काचीच, पण चेबुराश्का थबकत, शब्द चाचपत बोलतो, तर मलीश शाळेतल्या कुठल्याही पोरासारखा सरळ बोलतो. दोन्ही लागोपाठ ऐका, फरक लगेच कळेल.

कार्टूनमध्ये सहसा आवाज आधी मुद्रित होतो आणि चित्रकार त्यावर तोंड बेततो. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे पाव सेकंदाचं अक्षर सहा फ्रेमचं. नटाने जिथे थांबा घेतला तिथे पात्रही थांबतं. परदेशी चित्रपटाच्या डबिंगमध्ये नेमकं उलटं : चित्र आधीच तयार. फिल्मचा छोटा तुकडा टोकाला टोक जोडून पुन्हापुन्हा चालवायचे. रशियनमध्ये त्याला 'कल्त्सो', म्हणजे कडं म्हणतात. पडद्यावर ओठ मिटतात तिथे प, ब किंवा म यायलाच हवा, नाहीतर प्रेक्षकाला लगेच खटकतं. त्यामुळे श्रेयनामावली वाचताना 'रोली ओझ्वुचिवाली' (आवाज दिले) आणि 'रोली दुब्लिरोवाली' (डब केले) या दोन ओळींत गल्लत करू नका.

नावांतही घोळ होतो. 'देव्चाता' (१९६१) या चित्रपटातली तोस्या म्हणजे नादेझ्दा रुम्यान्त्सेवा, त्या वेगळ्या. 'धुक्यातला साळू' (१९७५) या कार्टूनमधल्या साळूचा आवाजही रुम्यानोवांचा नाही, मारिया विनोग्रादोवांचा. गेनाची वाढदिवसाची आणि निळ्या डब्याची गाणी व्लादिमीर फेरापोन्तोव यांनी म्हटलीत, पण चेबुराश्काचं स्वतःचं गाणं रुम्यानोवांचंच.

सगळ्यात प्रसिद्ध 'नू, पगदी!', लांडगा सशाच्या मागे लागतो ती कार्टून मालिका, मी मुद्दाम शेवटी ठेवतोय. ससा रुम्यानोवांचा. भाषा येत नसली तरी समजतं, म्हणून सगळे तिथूनच सुरू करतात, पण त्यात ससा फार कमी बोलतो आणि लांडग्याच्या खर्जापुढे त्याचं बारीक काम निसटतं. पहिले १६ भाग १९६९ ते १९८६ मधले. लांडग्याचा आवाज देणारे अनातोली पपानोव १९८७ मध्ये गेले, म्हणून १९९३ च्या १७ व्या आणि १८ व्या भागात त्यांचा आवाज जुन्या ध्वनिमुद्रणांतून घेतलाय. सशासाठी मात्र तेव्हाही रुम्यानोवाच होत्या, वयाच्या त्रेसष्टाव्या-चौसष्टाव्या वर्षी. पहिला भाग आणि सतरावा भाग एकाच बैठकीत पाहा.