नदीचं मूळ, ऋषीचं कूळ आणि सुपरव्हिलनचं लहानपण

मागच्या अंकात आम्ही म्हटलं होतं की बॅटमॅन-स्पायडरमॅन सगळ्यांना पाठ आहेत, जरा कोपऱ्यातल्या पात्रांबद्दल विचारा, ती आली कुठून, त्यांना कोणी जन्माला घातलं. पत्रं भरपूर आलीत, त्यातली काही या वेळी घेतोय.

प्रश्न : सुपरमॅनचा पहिला सुपरव्हिलन लेक्स लूथरच ना? माझा भाऊ म्हणतो दुसराच कुणीतरी होता, पण नाव काही त्याला सांगता येत नाही.

भाऊ बरोबर आहे. त्याचं नाव अल्ट्रा-ह्युमनाइट. 'अ‍ॅक्शन कॉमिक्स'चा १३ वा अंक, जून १९३९, म्हणजे सुपरमॅनला येऊन जेमतेम वर्ष झालेलं. टकला शास्त्रज्ञ, व्हीलचेअरवर बसलेला, शरीर लुळं पण डोकं अफाट. मला वाटतं सुपरमॅनचे जन्मदाते जेरी सीगल आणि जो शुस्टर यांनी हिशोब साधा केला असणार, हिरोची सगळी ताकद अंगात आहे ना, मग समोर असा माणूस हवा ज्याच्या अंगात काहीच नाही आणि जे आहे ते सगळं मेंदूत. पुढे जानेवारी १९४० च्या अंकात तर हा आपला मेंदू डोलोरेस विंटर्स नावाच्या सिनेनटीच्या शरीरात बसवून घेतो आणि परत येतो, १९४० सालच्या पोरांच्या कॉमिकमध्ये हे छापलंय, विचार करा!

लूथर आला त्यानंतर, एप्रिल १९४० मध्ये, २३ व्या अंकात. आणि तेव्हा त्याच्या डोक्यावर चांगले भरघोस लाल केस होते. १९४१ मध्ये वर्तमानपत्रातल्या सुपरमॅन स्ट्रिपमध्ये त्याला टकला काढला गेला आणि मग तेच कायम झालं. केस गेले कसे याचं उत्तर वाचकांना मिळालं थेट १९६० मध्ये, 'अ‍ॅडव्हेंचर कॉमिक्स' २७१ मध्ये, तिथे सुपरबॉय आणि लूथर दोस्त असतात, लूथरच्या प्रयोगशाळेला आग लागते, सुपरबॉय फुंकर मारून ती विझवतो, पण त्यात उडालेल्या रसायनांमुळे लूथरचे केस झडतात आणि त्याचा प्रयोगही वाया जातो, आणि तो धरून बसतो की याने जळफळाटातूनच हे मुद्दाम केलं. म्हणजे चित्र आधी, कारण वीस वर्षांनी. कॉमिक्समध्ये हे फार वेळा असंच होतं आणि म्हणूनच मला या ओरिजिन, म्हणजे पात्र कसं घडलं त्याच्या गोष्टी, वाचायला आवडतात, लेखक मागे जाऊन दुसऱ्या कुणीतरी सोडलेली भोकं बुजवत असतो.

आणि भावाला अजून एक सांगा. जानेवारी १९३३ मध्ये सीगल आणि शुस्टर यांनी स्वतःच काढलेल्या एका छोट्या मासिकात एक गोष्ट छापली होती, त्यात सुपरमॅन नावाचं पात्र होतं, पण ते व्हिलन होतं, आणि टकलं होतं. फुकट जेवणाच्या रांगेत उभा असलेला एक गरीब माणूस, त्याच्यावर एक प्रोफेसर रसायनाचा प्रयोग करतो आणि त्याला दुसऱ्यांची मनं वाचता यायला लागतात. तर टकला खलनायक हा या दोघांच्या डोक्यात सुपरमॅनच्याही आधीपासून होता.

प्रश्न : मिस्टर माइंड हा खरंच एक अळी आहे का?

हो, कॅप्टन मार्व्हलचा (ज्याला आज शझाम म्हणतात) हा शत्रू म्हणजे चष्मा लावणारी आणि गळ्यात बोलायचं यंत्र अडकवलेली अळी. पण १९४३ मध्ये 'कॅप्टन मार्व्हल अ‍ॅडव्हेंचर्स'च्या २२ व्या अंकापासून ही मालिका सुरू झाली तेव्हा वाचकांना फक्त आवाज ऐकू यायचा, जगभरातल्या दुष्टांना हुकूम सोडणारा आवाज. कोण आहे हा, केवढा असेल, हे चार अंक ताणून धरलं आणि मग दाखवलं की परग्रहावरून आलेला एवढासा किडा. ओटो बाइंडर यांनी लिहिलेली ही मालिका २५ प्रकरणं चालली, १९४५ पर्यंत, शेवटी त्या अळीवर रीतसर खटला चालतो आणि विजेच्या खुर्चीत शिक्षा होते. १९७३ मध्ये डीसीने, म्हणजे सुपरमॅन-बॅटमॅन छापणाऱ्या कंपनीने, कॅप्टन मार्व्हल परत आणला तेव्हा सांगून टाकलं की शॉकने तो मेला नव्हता, नुसता बेशुद्ध पडला होता.

प्रश्न : वंडर वुमनच्या आधी एकही बाई सुपरहिरो नव्हती असं सगळीकडे वाचते. खरं आहे का?

अजिबात नाही, आणि हे वाक्य इतक्या ठिकाणी बिनधास्त छापतात की वाईट वाटतं, कारण त्यात काही जणींचं काम पुसलं जातं. वंडर वुमन आली १९४१ च्या अखेरीस. त्याच्या दीड वर्षाहून जास्त आधी, फेब्रुवारी १९४० च्या 'जंगल कॉमिक्स'मध्ये फँटोमा आहे, फ्लेचर हँक्सची, जिचा सुंदर चेहरा चिडली की कवटीचा होतो. मग त्याच वर्षी मा हंकेल. ही किराणा दुकान चालवणारी धिप्पाड आई, शेल्डन मेयरने काढलेली. गुंड पोरांना पळवून नेतात आणि पोलिसांची वाट बघत बसायची तिची तयारी नाही, म्हणून ती अंगात लाल लाँगजॉन्स (थंडीत आतून घालायचे अंगभर कपडे) घालते, डोक्यावर डोळ्यांपुरती भोकं पाडलेलं स्वयंपाकाचं पातेलं चढवते आणि रेड टॉर्नेडो बनते. शहरातल्या सगळ्यांना वाटत राहतं की आत पुरुष आहे. ना रेडिएशन, ना परग्रह, ना जादूची अंगठी, पोरं संकटात आहेत एवढंच कारण, आणि इतकी सरळ ओरिजिन मला त्या काळातल्या दुसऱ्या कुठल्याच हिरोची आठवत नाही. जस्टिस सोसायटी या सुपरहिरोंच्या संघाच्या पहिल्या मीटिंगलाही ती येऊन गेली, पण पँट फाटली म्हणून लगेच निघून गेली :)

पण तुम्ही एकच वाचणार असाल तर मिस फ्युरी वाचा. ६ एप्रिल १९४१, रविवारच्या वर्तमानपत्रातली स्ट्रिप, लिहिणारी आणि काढणारी दोन्ही एकच बाई, टार्पे मिल्स. तिचं पहिलं नाव जून, ते तिने सहीतून काढून टाकलं होतं म्हणजे स्ट्रिप बाईची आहे हे नावावरून कळू नये. गोष्टीची नायिका मार्ला ड्रेक, श्रीमंत घरची, तिला एका वेशभूषेच्या पार्टीला जायचंय आणि ऐनवेळी कळतं की दुसरी एक जण तिच्यासारखाच ड्रेस घालून येणार आहे, मग ती काकांनी आफ्रिकेतून आणलेलं काळ्या बिबट्याचं कातडं चढवते, आणि पुढचं सगळं त्या एका रात्रीतून सुरू होतं. मिल्सने कपडे, दागिने, पडदे, फर्निचर इतकं निगुतीने काढलंय की नजर हलत नाही, आणि हाणामारीसुद्धा तितकीच खरी. स्वतःच्या घरची पर्शियन मांजर पेरी-पर पण तिने स्ट्रिपमध्ये घेतली. दहा वर्षांहून जास्त चाललेली ही स्ट्रिप, आणि आज नाव घेतलं की लोक विचारतात कोण ही?

प्रश्न : स्वॅम्प थिंगने मॅन-थिंगची कॉपी मारली की मॅन-थिंगने स्वॅम्प थिंगची?

दोघंही दलदलीतून उठलेले, चिखल-झाडपाल्याचे राक्षस. मॅन-थिंग आला मे १९७१ मध्ये आणि स्वॅम्प थिंग त्यानंतर दोनेक महिन्यांत, आणि यातलं मजेशीर म्हणजे मॅन-थिंगच्या लेखकांपैकी गेरी कॉनवे आणि स्वॅम्प थिंगचे लेखक लेन वीन तेव्हा एकाच खोलीत राहत होते. म्हणून लोक आजही वाद घालतात. पण दोघांचाही आजोबा वेगळाच आहे, द हीप, 'एअर फायटर्स कॉमिक्स', डिसेंबर १९४२. पहिल्या महायुद्धातला जर्मन पायलट बॅरन एमेलमन, १९१८ मध्ये त्याचं विमान पोलंडमधल्या दलदलीत पडतं, पण त्याची जगायची इच्छा इतकी जबरदस्त की तो पुरता मरतच नाही, वर्षानुवर्षं शेवाळ, मुळं, चिखल त्याच्यात मिसळत जातात आणि मग एक दिवस ते ढिगाऱ्यासारखं काहीतरी उठून चालायला लागतं. आला तो स्कायवुल्फ नावाच्या हिरोच्या गोष्टीत पाहुणा म्हणून आणि शेवटी स्वतःचीच मालिका मिळवून बसला. दुसरं महायुद्ध चालू असताना अमेरिकन कॉमिकमध्ये जर्मन सैनिकाबद्दल दया वाटावी असं लिहिलं गेलं, हे मला फार मोठं वाटतं.

आणि स्वॅम्प थिंगची ओरिजिन तर १९८४ मध्ये अ‍ॅलन मूर या लेखकाने मुळापासून उलटी केली. तोपर्यंत तो झाडपाला झालेला माणूस होता. मूरने म्हटलं की माणूस केव्हाच मेला, हे झाडच आहे ज्याला वाटतंय की आपण माणूस आहोत. एका अंकात सगळं बदललं, आणि आधीचं एकही पान खोटं ठरवावं लागलं नाही.

प्रश्न : मॅटर-ईटर लॅड काहीही खाऊ कसा शकतो?

त्याचा ग्रह बिस्मॉल, तिथे जंतूंमुळे सगळं अन्न खाण्यालायक राहत नाही म्हणून तिथली माणसं हळूहळू काहीही पचवायला शिकतात, दगड, लोखंड, काहीही. म्हणजे ही ताकद त्याची एकट्याची नाहीच, सगळ्या ग्रहाची आहे. डिसेंबर १९६२, लेखक परत तेच जेरी सीगल.

प्रश्न : काईट मॅनवर सगळे हसतात, मग त्याच्या एका कॉमिकवर लोक रडले कसे?

काईट मॅन ऑगस्ट १९६० चा, 'बॅटमॅन' १३३, लेखक बिल फिंगर, म्हणजे ज्याने बॅटमॅन घडवला पण ज्याचं नाव सहनिर्माता म्हणून अधिकृतपणे यायला २०१५ उजाडावं लागलं तोच. पतंगावर लटकून चोऱ्या करणारा माणूस, नाव चार्ल्स ब्राऊन, 'पीनट्स' स्ट्रिपमधल्या त्या मुलावरून, ज्याचा पतंग कधीच नीट उडत नाही. ओरिजिन अशी नव्हतीच. पतंग का? काही कारण नाही, त्या काळात दर महिन्याला नवा व्हिलन लागायचा आणि फिंगर ते पुरवत होता, ठिपक्यांचा पोल्का-डॉट मॅनही त्याचाच, १९६२ चा.

मग २०१७ मध्ये टॉम किंगने, पुन्हा एकपासून आकडे सुरू केलेल्या 'बॅटमॅन'च्या २७ व्या अंकात, ते "का" लिहिलं. जोकर आणि रिडलरचं युद्ध चालू आहे, ब्राऊन हा मधे सापडलेला साधा माणूस, बॅटमॅन त्याला खबरी बनवतो, आणि रिडलर सूड म्हणून त्याच्या लहान मुलाच्या पतंगाच्या दोऱ्याला विष लावतो. मुलगा हॉस्पिटलमध्ये जातो. त्यानंतर बाप पतंग पाठीला बांधतो. तोच हिरवा पोशाख, तोच पतंग, काहीही बदललेलं नाही, पण तो अंक वाचल्यावर १९६० चं कव्हर परत बघा, हसू येत नाही. बॅटमॅनसारख्या पात्राबरोबर असं करायला कुठला संपादक पटकन हो म्हणेल? काईट मॅनचं कुणाला काही पडलेलं नव्हतं म्हणून लेखकाला मोकळं रान मिळालं.

प्रश्न : रॅगमॅनच्या दोन वेगवेगळ्या ओरिजिन वाचल्या. खरी कुठली धरायची?

रॅगमॅन म्हणजे चिंध्यांच्या पोशाखातला हिरो. पहिली ओरिजिन १९७६ ची, रॉबर्ट कॅनिगर आणि जो क्यूबर्ट यांची. व्हिएतनामहून परतलेला रोरी रीगन, बापाचं भंगाराचं दुकान. बाप आणि त्याचे म्हातारे दोस्त, एक कसरतपटू, एक बॉक्सर, एक पैलवान, गुंडांच्या हाती लागतात आणि विजेच्या तारांनी मारले जातात, त्यांना सोडवताना रोरीलाही झटका बसतो आणि त्यांची कसब त्याच्यात उतरतात. पाच अंकात मालिका बंद.

१९९१ मध्ये कीथ गिफन, रॉबर्ट फ्लेमिंग आणि पॅट ब्रॉडरिक यांनी नवी लिहिली. आता तो चिंध्यांचा पोशाखच जिवंत आहे, त्यातली एकेक चिंधी म्हणजे एकेका पापी माणसाचा आत्मा, आणि पोशाखाचं नातं थेट प्रागच्या गोलेमशी, ज्यू वस्तीच्या रक्षणासाठी मातीतून घडवलेल्या त्या राक्षसाशी. बाप आता वॉर्सॉच्या घेट्टोतून, नाझींनी ज्यूंना कोंडलेल्या वस्तीतून, सुटून आलेला.

डीसीने पुढे दुसरीच धरली. मीही तीच धरतो, कारण त्यात चिंध्या का हे कळतं, पहिलीत तो पोशाख नुसताच पोशाख आहे. पण आधी १९७६ ची वाचा. त्या म्हाताऱ्या दोस्तांची दुकानातली बैठक, त्यांचं एकमेकांना डिवचणं, हे तिथे ज्या मायेने उभं केलंय ते १९९१ मध्ये कुठेच नाहीये.