उसातला बिबट्या आणि तुझा कॅमेरा

अगं, वन्यजीवांवर फिल्म बनवायला कोणता कॅमेरा घेऊ हे विचारणारा तुझा मेसेज वाचला, त्यात कॅमेऱ्याची मॉडेलं ढीगभर आणि प्राणी एकच, ताडोबाचा वाघ. साहजिक आहे म्हणा. पण ताडोबात आज जिप्सीतल्या दर दुसऱ्या माणसाकडे मोठी लेन्स असते, तिथे तू नवीन काय दाखवणार? आणि तू राहतेस जुन्नर तालुक्यात, घरामागे ऊस, उसात बिबट्या!

तुमच्याकडे मादी उसातच विते हे तुला माहितीये. ऊसतोड लागली की तोडणी कामगारांच्या टोळीला पिल्लं सापडतात, मग वनखात्याची आणि रेस्क्यूची माणसं येतात, पिल्लं तपासतात आणि अंधार पडायच्या आत त्याच जागी क्रेटमध्ये ठेवून, शेजारी ट्रॅप कॅमेरा, म्हणजे हालचाल झाली की आपोआप टिपणारा कॅमेरा लावून सगळे लांब जातात. बऱ्याचदा रात्री मादी येते, क्रेट कलंडवते, एकेक पिल्लू मानगुटीला धरून उचलून नेते. हा शॉट तुझा नाही हे आधीच डोक्यात पक्कं कर, तू तिथे घुटमळलीस तर ती येणारच नाही. तुझ्यासाठी बाकीचं सगळं आहे की, कोयता थांबवून आधी स्वतःचं लेकरू जवळ ओढणारी ती बाई, तोड थांबली म्हणून फोनवर फोन करणारा मुकादम, आणि ज्याच्या घरचं माणूस बिबट्याने नेलंय आणि ज्याला हे पिल्लू-प्रेम बघवत नाही असा माणूस. त्याला फिल्ममधून गाळलंस तर गावात तुला कोणी उभं करणार नाही, आणि बरोबरच आहे.

अभ्यास मात्र हवाच. बिबट्यांवर संशोधन करणाऱ्या विद्या अत्रेयांचं काम वाच. 2000 नंतरच्या काही वर्षांत जुन्नर भागातले बिबटे पकडून लांबच्या जंगलात सोडले, तर जिथे सोडले तिकडे माणसांवरचे हल्ले वाढले. हे माहीत नसेल तर 'पकडून न्या' असं कोणी कॅमेऱ्यासमोर म्हटल्यावर पुढचा प्रश्न काय विचारायचा तेच सुचणार नाही. पुढे संशोधनाकडे वळावंसं वाटलं तर डेहराडूनची वाइल्डलाइफ इन्स्टिट्यूट आहे, बंगळूरचं एनसीबीएस, म्हणजे नॅशनल सेंटर फॉर बायॉलॉजिकल सायन्सेस आहे, दोन्हीकडे एमएस्सी होते, प्रवेश अवघड आहे पण तयारी करता येते.

पैशाचं म्हणशील तर सुरुवातीची वर्षं फिल्मवर घर चालत नाही. लग्नं शूट कर, बिनधास्त, गर्दीत पटकन फ्रेम लावायची सवय तिथेच लागते. आणि अभयारण्यात शूट करायचं तर मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते, 1972 च्या कायद्यातच आहे ते, कोणाच्या ओळखीने आत शिरायचं नाही.

दिवाळीनंतर टोळ्या उतरतील. त्याआधी वनखात्याच्या रेंज ऑफिसात जाऊन भेट, माणिकडोहच्या बिबट निवारा केंद्रात कोणाला भेटता येतं ते विचार, पहिल्या दिवशी कॅमेरा नको. लेन्सचे पैसे राहू देत, आधी एक बरा माइक घे.