ऑपेरातील मुलांचा कोरस पाच-दहा मिनिटेच गातो, मग त्याला एवढी तालीम कशासाठी?

आपण विचारले आहे की, ऑपेरात, म्हणजे मुख्यतः गाण्यांतून उलगडणाऱ्या पाश्चात्त्य संगीतनाटकात, मुलांचा कोरस (एकत्र गाणारा मुलांचा गट) रंगमंचावर जेमतेम पाच-दहा मिनिटे दिसतो, मग त्यासाठी महिनोन्महिने तालीम कशाला, आणि पुण्यात हिंदुस्थानी गाणे शिकणाऱ्या आपल्या नऊ वर्षांच्या मुलीला त्यातून काय मिळणार. मी पुण्यात लहान मुलांना समूहगान शिकवते आणि या कोरसचे काही तुकडे पियानोच्या साथीने त्यांच्याकडून बसवून घेते, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

मिनिटांचा हिशेब बरोबर आहे. मात्र त्या मिनिटांत मुलांकडून काय मागितले जाते, ते पाहायला हवे. फ्रेंच संगीतकार बिझेचा 'कार्मेन' हा ऑपेरा ३ मार्च १८७५ रोजी पॅरिसमध्ये प्रथम रंगमंचावर आला. त्याच्या पहिल्या अंकात स्पेनच्या सेव्हिल शहरातल्या शिपायांचा पहारा बदलतो आणि त्यांच्यामागून गल्लीतली पोरे शिपायांची नक्कल करत, पावलात पाऊल टाकत येतात. दुरून तुतारी ऐकू येते, पिकोलो (छोट्या, तीव्र आवाजाच्या बासऱ्या) वाजू लागतात आणि मुले गाता गाता तुतारीचा आवाज तोंडानेच काढतात. हे सारे त्यांना माइकशिवाय, पूर्ण वाद्यवृंदाच्या आवाजावर मात करत, भरभर उच्चारायच्या फ्रेंच शब्दांत आणि चालता चालता करायचे असते. हाताच्या इशाऱ्यांनी ताल देणारा संचालक रंगमंचापुढच्या, वाद्यवृंद बसतो त्या खड्ड्यात उभा असतो आणि त्याच्याकडे टक लावून पाहिले, तर सोंग उघडे पडते. पुन्हा त्यांची गरज लागते ती चौथ्या अंकात. मधला सगळा वेळ पडद्यामागे शांत बसून काढायचा, हाही शिकण्याचाच भाग असतो. इटालियन संगीतकार पुच्चिनीच्या 'ला बोहेम'मध्ये मात्र खेळणी विकणाऱ्या पार्पिन्योलभोवती गर्दी करणाऱ्या मुलांचे काम दुसऱ्या अंकातच संपते, आणि त्या गर्दीत एकाच मुलाला तुतारी आणि घोडा मागणारी एकट्याची ओळ असते. ती ओळ चुकली तर सावरून घ्यायला शेजारी कोणी नसते.

आपल्याकडे स्नेहसंमेलनात समूहगीत म्हणताना मुलांना तीन आधार असतात: सूर धरून ठेवणारी पेटी, समोरचा माइक आणि विंगेत उभ्या राहून ओठांनी शब्द पुरवणाऱ्या बाई. ऑपेरात हे तिन्ही आधार काढून घेतले जातात, आणि तालमीचा बहुतेक वेळ त्यांच्याशिवाय उभे राहायला शिकण्यात जातो. 'कार्मेन'मधला प्रवेश बसवताना मुले आधी पायांकडे पाहतात, मग माझ्या हाताकडे पाहतात आणि पाऊल चुकवतात. म्हणून मी आधी नुसते चालणे घेते, मग बसून नुसते गाणे, आणि दोन्ही अंगवळणी पडल्यावरच ती एकत्र करते. तुतारीची 'त र त त' अशी अक्षरे तबला शिकणारी मुले बोल म्हटल्यासारखी पहिल्याच खेपेला उचलतात आणि बाकीची त्यांच्यामागून येतात.

मला सर्वांत अवघड वाटतो तो जर्मन संगीतकार हुम्परडिंकच्या 'हेन्सेल उंड ग्रेटेल'मधला शेवटचा प्रसंग. हा ऑपेरा २३ डिसेंबर १८९३ रोजी वायमारमध्ये रिशार्ड श्ट्राउस यांच्या संचालनाखाली प्रथम सादर झाला. चेटकीण मेल्यावर तिच्या घराभोवतीच्या कुंपणातल्या आल्याच्या केकच्या बाहुल्या पुन्हा मुले होतात, पण जादू पुरती उतरलेली नसल्याने ती डोळे मिटून निश्चल उभी असतात आणि तशीच, अगदी हळू आवाजात गाऊ लागतात. ग्रेटेल स्पर्श करीपर्यंत डोळे उघडायचे नाहीत, म्हणजे संचालकाचा हातही दिसत नाही. मुलांना वाद्यवृंद कानाने मोजत राहून, एकमेकांचा श्वास ऐकून, एकदमच सूर लावावा लागतो. गुरूच्या गळ्यातून ऐकून गाणे उचलायची सवय असलेली आपली मुले इथे पुष्कळ पुढे असतात, असा माझा अनुभव आहे. त्यांची अडचण दुसऱ्या आवाजाची होते. शेजारचा गट वेगळी चाल गात असताना आपली चाल न सोडणे त्यांना फार जड जाते, कारण एका सुरात मिसळून जाणे हेच त्यांना आजवर शिकवलेले असते.

मुलांचा कोरस ही केवळ सजावट असते, असे ज्यांना वाटते त्यांनी ज्यू चेक संगीतकार हान्स क्रासा यांचा 'ब्रुंडिबार' हा मुलांचा ऑपेरा ऐकावा. तो १९३८ मध्ये लिहिला गेला. आजारी आईसाठी दूध मिळवायला चौकात गाणाऱ्या भावा-बहिणीला ब्रुंडिबार नावाचा बाजावाला हुसकावून लावतो, आणि कुत्रा, मांजर, चिमणी व गावातली मुले एकत्र गाऊन त्याच्यावर मात करतात. इथे कोरस हाच नायक आहे. क्रासा यांना नाझींनी तेरेझिनच्या छळछावणीत टाकले, तेव्हा तिथे जी वाद्ये हाताशी होती त्यांच्यासाठी त्यांनी संगीत पुन्हा बांधले. २३ सप्टेंबर १९४३ रोजी तिथे पहिला प्रयोग झाला आणि पुढे एकूण ५५ प्रयोग झाले. आउशविट्झ या नाझींच्या मृत्युछावणीकडे गाडी निघाली की कोरसमधली मुले जात आणि त्यांच्या जागी नवी मुले ती गाणी शिकत. मांजराचे काम करणाऱ्या एला वाइसबर्गर वाचल्या. प्रयोगापुरता ज्यूंना सक्तीने लावावा लागणारा अंगावरचा पिवळा तारा उतरवायची परवानगी असे, असे त्या पुढे सांगत. क्रासा यांना ऑक्टोबर १९४४ मध्ये आउशविट्झला नेऊन मारण्यात आले. हे संगीत मुलांना शिकवताना मी त्यांच्या वयाला झेपेल एवढी ही हकीकत सांगतेच. ती वगळून नुसती चाल शिकवणे मला जमत नाही.

आता आपल्या मुलीविषयी. तिच्या रियाजाला यामुळे धोका नाही, मात्र मोठ्या ऑपेरा गायिकांच्या आवाजाची नक्कल तिला करू देऊ नये. मुलांच्या कोरसमध्ये वरचे सूर हलक्या, मोकळ्या आवाजात लावतात, घसा ताणून नव्हे. मुलगे साधारण १२-१४ व्या वर्षी आवाज फुटला की या कोरसमधून बाहेर पडतात. मुलींना अधिक वर्षे मिळतात, तेव्हा घाई करण्याचे कारण नाही. पुण्यात सुरुवात करायची झाल्यास आठ-दहा मुले, सुरात लावलेला पियानो आणि पाश्चात्त्य स्वरलिपी वाचणारी एक व्यक्ती एवढे पुरते. पहिला तुकडा 'हेन्सेल उंड ग्रेटेल'मधला तो डोळे मिटून गायचाच घ्यावा, कारण अवघड असला तरी तो छोटा आहे आणि त्याची स्वरलिपी सहज मिळते. 'ब्रुंडिबार' जाहीरपणे करायचा असल्यास मात्र आधी प्रकाशकांची परवानगी घ्यावी.