कोल्हापूरच्या रंकाळा तलावावरच्या पक्ष्यांच्या जाती मोजल्या की तिथली जैवविविधता कळते का?
अर्धीच कळते. समजा, रंकाळ्यावर आणि कोल्हापूरच्याच कळंबा तलावावर प्रत्येकी १० जातींचे १०० पक्षी दिसले. एकीकडे प्रत्येक जातीचे १०, दुसरीकडे ९१ गायबगळे आणि बाकी नऊ जातींचा एकेकच. (आकडे काल्पनिक आहेत, भांडू नका!) सांख्यिकीतज्ज्ञ सिम्पसनने १९४९ मध्ये साधी युक्ती काढली: डोळे झाकून दोन पक्षी निवडले, तर ते एकाच जातीचे निघण्याची शक्यता किती? प्रत्येक जातीच्या वाट्याचा वर्ग करा आणि बेरीज घ्या. पहिल्या तळ्याला ०.१ येतात, दुसऱ्याला जवळपास ०.८३. आता १ ला त्याने भागा: पहिल्यात जणू सारख्या वाट्याच्या १० जाती, दुसऱ्यात जेमतेम १.२!

जलपर्णीत दडलेली टिबुकली मात्र मोजणीतून सुटतेच. न दिसलेल्या जातींच्या अंदाजासाठी सांख्यिकीतज्ज्ञ अ‍ॅन चाओ यांचं वेगळं सूत्र आहे.