आता सगळं ऑनलाइन खात्यावर चालतं, तरी सॉफ्टवेअरला प्रॉडक्ट की अजून का लागते?

कारण प्रॉडक्ट की, म्हणजे सॉफ्टवेअर विकत घेतल्याचा अक्षर-आकड्यांचा कोड, कागदावर उतरवून ठेवता येते, आणि बऱ्याच सॉफ्टवेअरमध्ये ती तपासायचं गणित प्रोग्रामच्या पोटातच असतं. इंटरनेट नसलं तरी काम होतं. मी खानापुरात कॉम्प्युटर दुरुस्त करतो. पावसाळ्यात जांबोटी-कणकुंबीकडं नेट गेलं की दोन-दोन दिवस येत नाही. तिथल्या दुकानदाराला "आधी लॉगिन करा" कसं सांगणार?

विंडोजची की 25 अक्षरांची, पाच-पाचाचे पाच गट. शून्य, एक, 'ओ', 'आय' त्यात मुद्दाम ठेवलेले नाहीत, वाचताना घोळ नको म्हणून. पण 'बी' आणि 8 दोन्ही आहेत! गेल्या महिन्यात एका मास्तरांच्या जुन्या मशीनवरचं स्टिकर पार घासलेलं. टॉर्च तिरका धरून ते एक अक्षर ओळखायला मला अर्धा तास लागला.

2012 च्या विंडोज 8 पासून विंडोजसकट येणाऱ्या लॅपटॉपची की बहुतेक वेळा मदरबोर्डवरच्या चिपमध्ये असते, फॉरमॅट केलं तरी जात नाही. तुमचं मशीन त्याआधीचं असेल तर स्टिकरचा फोटो आजच काढून ठेवा.