‘हो’ तर मीच म्हणाले होते, मग राग का येतो?

ऑगस्ट २०१९ च्या महापुरात सांगलीतल्या एका जोडप्याच्या दुकानात छातीएवढं पाणी होतं. माल गेला. बायकोच्या ४२ ग्रॅमच्या पाटल्या पतसंस्थेत गहाण पडल्या. “ठेवा की, नंतर सोडवू,” असं तीच म्हणाली होती. पुढे व्याज थकलं, लिलावाची नोटीस आली आणि नवऱ्याने ती गल्ल्याखालच्या खणात ठेवून दिली. पाटल्या गेल्याचं तिला कळलं ते भाचीच्या लग्नाला घालायला मागितल्यावर. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.)

१९९३ च्या एका गाजलेल्या हॉलिवूडपटात अब्जाधीश माणूस कर्जात बुडालेल्या जोडप्यापुढे दहा लाख डॉलर ठेवतो. मोबदला काय, तर बायकोची एक रात्र. दोघं होकार देतात, वकिलाकडून करारही होतो. पण नंतर नवऱ्याला संशय पोखरत जातो आणि दोघं दुरावतात. सांगलीतल्या या घरातली गोष्ट कितीतरी साधी, पण भांडण त्याच वळणाचं: “तूच दे म्हणालीस.” “तुमचा उतरलेला चेहरा बघून म्हणाले.”

इथे पहिल्याच दिवशी हिशोबाला बसलं की घात होतो, कारण नवरा व्याजाचे आकडे सांगत सुटतो आणि नोटीस लपवल्याची गोष्ट तशीच राहते. म्हणून मी आधी दोघांना वेगवेगळं बसवून एकच प्रश्न लिहायला दिला: त्या दिवशी ‘नाही’ म्हणायची सोय होती का? तिने लिहिलं, “नव्हती. सासूबाई शेजारीच बसल्या होत्या.” त्याने हे पहिल्यांदाच वाचलं. माफी त्याने मागितली ती नोटीस लपवल्याची, पाटल्यांची नव्हे. आणि तेच बरोबर होतं.

भरपाई रुपयांत ठरवू नये. सोन्याचा भाव वाढला की ठरलेली रक्कम तोकडी पडते आणि जखम पुन्हा उघडते. त्यांनी वजनात ठरवली: दर तीन महिन्यांना २ ग्रॅम, पावती तिच्या नावावर. म्हणजे सव्वापाच वर्षं. हे उपकार नव्हेत. स्त्रीधन बायकोच्याच मालकीचं, नवरा फार तर सांभाळणारा, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्येच स्पष्ट केलंय.

शिवाय कर्जाचा प्रत्येक कागद आला त्याच दिवशी दोघांनी वाचायचा. आणि दागिना किंवा जामिनकीची सही मागितली, तर उत्तर दुसऱ्या दिवशी, तेही घरात तिसरं कुणी नसताना.

गेल्या दिवाळीत दिराने जामिनकीची सही मागितली. “उद्या सांगते,” ती म्हणाली. दुसऱ्या दिवशी ‘नाही’ कळवायला फोन नवऱ्याने केला.